तिच्या लग्नातली कानपिळी

आई, तू जाऊन इतकी वर्षं झाली, तरी काल पुन्हा तुझा राग आला. टीव्हीवर एक हिंदी सिनेमा लागला होता. लहानपणापासूनचे दोघे मित्र. तिचं लग्न दुसऱ्याशी ठरतं आणि हा ऐन फेऱ्यांच्या वेळी मांडवात धावत शिरतो. सगळे हसतात, तिचा बापसुद्धा. तुझी सून हसून हसून आडवी झाली. मी म्हटलं, "फेरे चाललेत, आणि उपरण्याला गाठच मारलेली नाही." ती म्हणाली, "तुम्हाला बरी गाठच दिसते!"

गाठ मी हातभर अंतरावरून पाहिली आहे. गडग्यापलीकडच्या घरातली ती, माझ्याबरोबर कैऱ्या पाडत वाढलेली. मी शाळा सोडून, पुस्तकं उघडून पंपाच्या जळलेल्या मोटारींत नवी तार भरायला शिकत होतो. दुकान थाटलं की तिला विचारणार होतो, आणि हे तुला न सांगता कळलं होतं. त्याआधीच तिचं ठरलं. लग्नाच्या आदल्या दिवशी घावन उलटता उलटता, माझ्याकडे न बघता तू म्हणालीस, "तिला भाऊ नाही. होमात लाह्या तू द्यायच्यास. नवऱ्याचा कानही तूच पिळायचास." मी ताटली बाजूला सारली. "तोंड कशाला पाडतोस मेल्या? कानपिळ्याला पोशाख मिळतो."

त्यांच्या खळ्यात होम धुमसतो आहे. मी तिच्या ओंजळीत लाह्या घालतो. मग कान असा पिळतो की मंडणगडचा तो धट्टाकट्टा नवरा कळवळून ओरडतो. "भावोजी, आत्तापासून सवय करा!" कुणीतरी म्हणतं. मांडव हसतो, आणि सगळ्यांत मोठ्याने तू. ते हसणं मी तुला कधी माफ केलं नाही. शेवटच्या आजारात तू पाणी मागायचीस. मी भांडं टेकवून, एक शब्द न बोलता बाहेर जायचो.

गेल्या भाऊबीजेला ओवाळून झाल्यावर ती सहज बोलून गेली, "काकींनी हात जोडले होते रे माझ्यापुढे. म्हणाल्या, त्याला नको गं उभा करू. पण मीच हट्ट धरला. तुझ्याशिवाय होतं कोण मला?" आणि तिने करंजी वाढली. मी खाल्ली.

तू हे मरेपर्यंत सांगितलं नाहीस. हा कागद तुला पोचायचा नाही, म्हणूनच लिहितो: सगळं कळूनही माझा राग तुझ्यावरच आहे. तिच्यावर धरून पाहिला. धरता येत नाही.