मामाला शेवट आठवत नाही

ती. वर्नाताईस,

धाकटीचा नमस्कार. गुडघा कसा आहे? विनिपेगच्या निसरड्यावर जपून चाल. इकडे मी ठीक आहे, म्हणजे उभी आहे. मामाही ठणठणीत आहे, आणि त्याच्या ठणठणीतपणानेच मी थकले आहे.

आई गेल्यावर तिच्या गोष्टींवर सिनेमा करायचं मी ठरवलं, हे तुला ठाऊक आहेच (तू फोनवर नुसतं ‘हं’ म्हणालीस, तोच मी आशीर्वाद धरला). सिनेमाला पैसे देणाऱ्या शहरातल्या संस्थेच्या अर्जात एक रकाना होता: ओजिब्वे आदिवासींच्या गोष्टींच्या आधाराने दुःखातून सावरणं कितव्या मिनिटाला दिसेल? मी लिहिलं, चाळिसाव्या. वर्ष उलटलं, माझं पहिलंही मिनिट आलेलं नाही.

जुलैत मामापुढे गोष्ट मागायच्या रीतीप्रमाणे तंबाखूची पुडी ठेवली. त्याने ती खिशात टाकली आणि म्हणाला, “बर्फ पडल्यावर ये. उन्हाळ्यात गोष्टी सांगितल्या की अंथरुणात बेडूक येतात.” मी संस्थेला तसं कळवलं. त्यांनी बेडकांबद्दल लेखी खुलासा मागवला.

नोव्हेंबरात बर्फ पडला, मी परत आले. तर म्हणे आधी लाकडं फोड. मग तळ्याच्या बर्फाला भोक पाडून जाळं लाव. मग मासे साफ कर. (आईच्या सुरीने. ती त्याने आपणहून माझ्या हातात दिली. मासे मात्र त्या दिवशी फार वाईट कापले गेले.) कॅमेरा लावला की मामा धूर कोंडणाऱ्या शेगडीची तक्रार सांगतो, आणि मी बॅटरी बदलायला वळले की गोष्टींतला आपला खोडकर नानाबुश झाडीतून निघतो. माझ्याकडे आता अकरा तासांची शेगडी आहे.

परवा अखेर कॅमेरा चालू असताना त्याने आईची गोष्ट धरली, नानाबुशचा लांडगाभाऊ बर्फाखाली बुडतो ती. नानाबुश काठावर बसून रडतो, इथवर आला आणि थांबला.

“पुढचं आठवत नाही. शेवट तुझी आई मोठीला सांगायची. तिला बोलव.”

मी म्हटलं, “ती फोनवर सांगेल की.”

“फोनमध्ये बर्फ पडतो का?” असं विचारून तो चहा प्यायला लागला.

मग मी रडले. बराच वेळ. मामाने तव्यावरची भाकर तेवढी माझ्याकडे सरकवली. त्यातलं कॅमेऱ्यात काय आलं ते मी अजून बघितलेलं नाही.

मुलांना पापा.

तुझी,
जोसेट

ता. क. आईला मातीत ठेवल्यापासून तू इकडे आलेली नाहीस. का, ते मी विचारत नाही. शुक्रवारी विमान येतं, मामा बर्फगाडी घेऊन न्यायला येईल. कॅमेरा मी पेटीत ठेवते.

ता. क. दुसरा. मामाला शेवट आठवतो. मी लांब आहे असं समजून काल जाळं ओढताना तो सगळी गोष्ट स्वतःशीच म्हणत होता, अगदी शेवटापर्यंत. तू आलीस की काही ठाऊक नसल्यासारखीच वाग. आणि सांगताना अडलीस तर घाबरू नकोस, तो सांगेल पुढचं.