सर्वांत हळू माणूस पुढे

बुलढाणा,
५ फेब्रुवारी १९६८, सोमवार

चि. शालूस अनेक आशीर्वाद.

मी सुखरूप पोचले. प्रवास बरा झाला. दिल्लीची थंडी आपल्याकडच्यासारखी सकाळपुरती नसते, दिवसभर अंगावर बसून असते. तू दिलेल्या शेवया, ठेचा आणि ज्वारीचं पीठ जिथल्या तिथे पोचलं. भुसावळला गाडी बदलताना ठेच्याची बरणी मी हमालाकडे दिली नाही, स्वतः हातात धरली. शाळेत सगळं ठीक आहे. मी नसताना सातवीच्या मुलींनी दोन खिडक्यांच्या काचा फोडल्या, तेवढं सोडून.

हे पत्र तू स्वतः वाच. निवृत्तीरावांकडून वाचून घेऊ नकोस. चष्मा सापडत नसेल तर सापडेपर्यंत पत्र तसंच ठेव.

निवृत्तीरावांनी घरी येऊन काय सांगितलं असेल ते मला ठाऊक आहे. मलकापूरच्या फलाटावर ते टोपी सावरत उभे होते. मी उतरले. त्यांनी माझ्या मागे डब्याच्या दाराकडे पाहिलं. गाडी हलली तरी पाहत होते. मग म्हणाले, "पोरगी?"

"आली नाही."

"आली नाई का तुमी आनली नाई?"

तुझा नवरा कमी बोलतो, पण बोलतो ते नेमकं. मी म्हटलं, "आणली नाही." यावर त्यांनी माझी पिशवी उचलून बुलढाण्याच्या मोटारीपर्यंत आणून दिली आणि खिडकीतून म्हणाले, "शालूले तुमीच सांगा. मी फक्त येवढंच सांगतो का अक्का एकट्या उतरल्या." म्हणून हे पत्र.

निघताना तू मला सरळ सांगितलं होतंस, "तुयामुळे गेली ते, तूच आन तिले." बरोबर होतं. तुझ्या विमलला एम. ए. साठी दिल्लीला धाडा हा हट्ट माझाच होता. शिवाय अठरा तारखेला मलकापूरचे पाहुणे तिला बघायला येणार, त्याआधी ती घरात हवी. आणि आठ महिने आपल्याला न सांगता तिने धरलेली ती नोकरी, "बसमंधी उभी राहून परक्या मानसायसमोर वरडते म्हने," ती डोळ्यांनी पाहून ये, असंही तू म्हणाली होतीस. मी पाहण्यापासून सुरुवात केली. तपासणी केल्याशिवाय शेरा मारायचा नाही हा माझा तीस वर्षांचा नियम आहे.

विमलला मी येण्याचा दिवस कळवला नव्हता. सत्तावीस तारखेला सकाळी पोचले, मराठी मंडळाच्या अतिथीगृहात सामान टाकलं आणि विमल जिच्यात माहिती सांगते त्या संध्याकाळच्या बसचं तिकीट काढलं. साडेपाचला बस सुटते, दिल्लीतली मोठमोठी ठिकाणं दाखवते आणि जेवायच्या वेळेला परत आणून सोडते. मी तुझी ती हिरव्या काठाची शाल डोक्यावरून घेतली आणि शेवटच्या बाकावर जाऊन बसले. वर्गातही मी अशीच मागच्या दाराने जाते. मुलींना मी दिसत नाही, मला त्या दिसतात.

विमल चढली. राखी साडी, वर कोट, छातीवर नावाचा बिल्ला. केस घट्ट बांधलेले. ती वरडत नाही, शालू. तिच्या हातात बोलायचा माईक असतो आणि ती हळू, स्वच्छ बोलते. आधी हिंदीत, मग इंग्रजीत. इंग्रजीच्या दोन चुका मी टिपल्या, तिला नंतर सांगितल्या. बाकी काही टिपण्यासारखं निघालं नाही.

आधी बिर्ला मंदिर झालं. तिथल्या पायऱ्या फार आहेत. मग संसद भवन आणि राष्ट्रपती भवन. सव्वीस जानेवारीची रोषणाई अजून उतरवली नव्हती. अंधार पडता पडता इतके दिवे एकदम लागले की बसमधली सगळी माणसं एकाच वेळी "अरे!" म्हणाली. मीही म्हणाले. राष्ट्रपती भवनात खोल्या किती, कमानी किती हे विमलने सांगितलं. मग म्हणाली, हा सगळा दगड बायांनीही डोक्यावर वाहिला आहे, त्यांची नावं कुठे कोरलेली नाहीत, म्हणून मी इथे दरवेळी अर्धा मिनिट गप्प राहते. आणि राहिली गप्प. चाळीस माणसं भरलेली बस तिच्यासोबत गप्प राहिली. मला माझ्या शाळेत हे छडीशिवाय जमत नाही.

लुधियानाचा एक लोकरीचा व्यापारी होता, पोट पुढे, आवाज त्याच्याही पुढे. तो तेवढ्यात म्हणाला, "बहनजी, शादी-वादी करोगी, या ज़िंदगीभर बत्तियाँ ही दिखाओगी?" दोघं-तिघं हसले. माझा हात छत्रीवर गेला. विमल म्हणाली, "सेठजी, पहले आपको सही-सलामत आपकी सेठानी के पास पहुँचा दूँ, फिर अपनी सोचूँगी." त्याची बायको शेजारीच बसली होती. ती सगळ्यांत जास्त हसली.

इंडिया गेटला गर्दी इतकी की बस लांबच थांबवावी लागली. तिथून पायी जायचं होतं. विमलने आम्हाला दोन-दोनच्या जोड्यांनी उभं केलं. बिकानेरची एक म्हातारी होती, तिला ओलांडून, सेठजींना ओलांडून ती सरळ माझ्यासमोर आली. "माँजी, आप सबसे आगे."

मला वाटलं तिने ओळखलेलं नाही. मी म्हटलं, "मैं पीछे ठीक हूँ."

ती वाकली आणि कानाशी म्हणाली, "मावशी, तुमचा उजवा गुडघा दुखून राह्यला. मंदिराच्या पायऱ्यायवर पाह्यलं मी. चाला, समोर या."

"तू मला ओळखलंस केव्हा?"

"तुमी चढल्या तवाच. शाल माय्या मायची हाय ना!"

"मी काय म्हातारी झाले?"

"म्हातारी नाई हो, हळू. सगळ्यात हळू मानूस समोर ठेवाचं. मायचा कायदा हाय."

मला तिचा राग आला. मी कधी कोणाच्या मागे राहिलेली नाही, पण हळू म्हणून पुढे केली गेले, हेही पहिल्यांदाच. आणि त्याच क्षणी मला तू दिसलीस. दोन वर्षांपूर्वी कापूस वेचायच्या दिवसांत मी तुझ्याकडे होते. दिवस मावळताना तू वावरातून बायांना घरी आणत होतीस. पाय सुजलेल्या तानाबाईला तू सगळ्यांच्या पुढे घातलं होतंस. पोरी कुरकुरत होत्या, "तानाबाईच्या चालीनं चाललं तं सकाळ होईन." तू मागून म्हणालीस, "होऊ दे सकाळ. नाल्यात एकटी नाई राह्यली पायजे कोनी." मी तेव्हा बांधावर उभी राहून घड्याळ पाहत होते. तुझी पोरगी ते बघत मोठी झाली आणि दिल्लीत, त्या एवढ्या मोठ्या कमानीसमोर, तेच करते आहे. पगार घेऊन.

मी पुढे चालले. मध्ये एकदा थांबून मागे पाहिलं. चाळीस माणसं माझ्या पावलाने येत होती. बिकानेरची म्हातारी तिच्या सुनेशी गप्पा मारत होती. सेठजी पोट सांभाळत पावलं लहान टाकत होते. सगळ्यांच्या शेवटी विमल. एकही माणूस हरवलं नाही. मला बरं वाटलं, शालू. इतकं बरं की गुडघ्याची आठवण राहिली नाही.

दुसऱ्या दिवशी तिच्या खोलीवर गेले. बायकांचं वसतिगृह आहे, फाटकावर रखवालदार, दहानंतर कुलूप. मी कुलूप ओढून पाहिलं. तिने स्टोव्हवर बेसन केलं, तुझ्या पिठाच्या भाकरी केल्या. भाकर तुझ्याइतकी पातळ येत नाही, पण फुगते. जेवताना मी पाहुण्यांचं काढलं. ती म्हणाली, "लगनाले मी नाई म्हनत नाई. पाहुन्यायले म्हना, तिकीट काढा न् संध्याकाळच्या बसमंधी बसा. मी काम करताना पाहा. पसंत पडली तं बोला."

मी हसू दाबलं. म्हटलं, "आणि मी उद्याच चल म्हटलं तर?"

तिने भाकर खाली ठेवली. "तं येतो मी. सामान बांधाले एक तास लागन. माय तुमचं आयकते, मी बी आयकतो. तुमी सांगसान तसं."

मी ताट बाजूला सारलं; हे शब्द मी आधी एकदा ऐकले होते.

शालू, आता जे लिहिते ते पस्तीस वर्षं लिहायचं राहून गेलं आहे. मी नागपूरला कॉलेजात होते. तू व्हर्नाक्युलर फायनलला केंद्रात पहिली आलीस आणि मास्तरीण व्हायला अमरावतीच्या नॉर्मल स्कूलसाठी नाव दिलं होतंस. जागा भरल्या, असं बाबांनी तुला सांगितलं. जागा भरल्या नव्हत्या. तुला बोलावणं आलं होतं. आई तेव्हा अंथरुणाला खिळलेली. बाबांनी मला विचारलं, दोघींतली एक घरी पाहिजे, तू शहाणी आहेस, तू सांगशील तसं करतो. माझं बी. ए. ला एक वर्ष उरलं होतं. मी उलट टपाली कार्ड टाकलं, "शालूला शिक्षणाची हौस नाही. तिचं मन घरात रमतं." दोन ओळी. पत्ता लिहायला जेवढा वेळ लागला तेवढाही मी विचार केला नाही. बाबांनी मला पुढे घातलं होतं आणि मागे कोण राहिलं ते मी पाहिलं नाही.

गेल्या दिवाळीला तू विमलच्या कौतुकात शेजारणीला सांगत होतीस, "मले कुठं हौस होती शिक्षनाची? आमची अक्काच हुशार." माझं कार्ड तू कधी पाहिलेलं नाहीस, तरी त्यातलंच वाक्य तुझ्या तोंडी बसलं आहे. मी तेव्हा करंजी खात होते. खात राहिले.

म्हणून विमलला मी आणली नाही. तिचा निकाल मी दिला असं समजू नकोस. निकाल देणं याच वेळी मी नाकारलं. कोणाला काय हवं आहे हे तिसऱ्याच्या वतीने लिहून पाठवायची मला एकदा फार घाई झाली होती. आता तुला सगळं ठाऊक आहे. तू तिला बोलाव म्हणालीस तर ती येईल, तिने मला तसं सांगितलं आहे, आणि मी स्वतः जाऊन तिला घेऊन येईन, एक शब्द न बोलता. राहू दे म्हणालीस तर अठरा तारखेला पाहुण्यांसमोर मी बसेन आणि तिकिटाचा निरोप मीच देईन. मला कोणी उलट बोलत नाही, त्याचा एकदा तरी चांगला उपयोग होऊ दे. पण ठरवशील ते तू.

आणखी एक. निघताना विमल स्टेशनवर म्हणाली, "मायले एकडाव आनजा. पयला बाक ठेवतो तिच्यासाठी." हा तिचा निरोप आहे, माझी शिफारस नाही. तरी सांगते, ते दिवे तू पाहावेस.

येत्या रविवारी, अकरा तारखेला, मी तुझ्याकडे येते. दुपारच्या मोटारीने फाट्यावर उतरेन. रागावली असशील तर फाट्यावरच रागाव, मी उभी राहून ऐकून घेईन. नसशील तर घ्यायला ये. फाट्यापासून तुझ्या घरापर्यंतचा रस्ता मला आता लांब पडतो, हे पहिल्यांदाच कोणाला तरी लिहिते आहे. तुझ्या कायद्याप्रमाणे मला पुढे घाल. या वेळी मी मागे बघत चालेन.

तुझी
रुखमा