ब पिलाच्या बाटल्या

सोम. ६ ऑक्टो.
आज परत अकरा बाटल्या जंतू लागून गेल्या. अकराच्या अकरा त्या नव्या आल्विनच्या. माझी एकही नाही. गेल्या आठवड्यात नऊ, त्याही त्याच्याच. याला योगायोग म्हणायला मी काही काल या धंद्यात आलेली नाही. अठरा वर्षं केळीची रोपं बाटलीत वाढवली जळगावला, आता चार वर्षं इथे आखातात खजुराची.
झाड एकच. अल ऐनकडच्या एका म्हाताऱ्या मालकाचं, त्या जातीचं त्याच्या बागेतलं शेवटचं. बुंध्याशी दोनच पिलं उरली होती, ती काढून आणली. पिल अ माझ्याकडे, पिल ब आल्विनकडे. तो आल्यावर वाटणी मीच केली. पिलं धुतली, सोलली, कोंब काढले तेही मीच. दोन्ही स्वच्छ होती. माझ्या हातून काही राहत नाही.
मग घाण आली कुठून?

बुध. ८ ऑक्टो.
आल्विनवर लक्ष ठेवतेय. मास्कच्या आत गुणगुणतो. चर्चमधलं काहीतरी असावं. लॅमिनारच्या गाळलेल्या हवेसमोर, जिथे रोपं कापतो तिथे, तोंड उघडायचं नाही हे पहिल्या दिवशी शिकवतात. विचारलं तर म्हणे, "मॅडम, ओठ बंद आहेत, आतल्या आत चाललंय."
सकाळी त्याच्या स्पिरिटच्या भांड्यावर पेनने बारीक खूण केली. संध्याकाळी पाहिलं तर पुष्कळ खाली. म्हणजे वापरतो. ब्लेड माझ्यापेक्षा जास्त वेळ ज्योतीवर धरतो. अति काळजी घेतो. मला ते जास्तच खटकलं. वसईचा माणूस, ऑगस्टमध्ये आला, आधी पुण्याकडे फुलांच्या लॅबमध्ये होता म्हणतो. तिकडून का सोडलं ते नीट सांगत नाही.

रवि. १२ ऑक्टो.
सुट्टी. इराचा अभ्यास घेत होते. जिवंत कशाला म्हणावं याची यादी आहे त्यांना: वाढतं, खातं, श्वास घेतं, आपल्यासारखं दुसरं करतं वगैरे. मला विचारते, "आई, तुझ्या लॅबमध्ये थाउजंड प्लांट्स आर फ्रॉम वन ट्री, राइट? सो इज इट वन ट्री ऑर थाउजंड?"
मी म्हटलं, हजार. मग म्हटलं, एकच.  तिकडचं मूळ झाड वाळलं तर मेलं कोण? बाटलीतलं ते त्याचं मूल नाही, तेच आहे. आम्ही काही नवं करत नाही. जिवंत असतं त्यातलं जिवंत कापतो, पुढे ठेवतो. त्या झाडालाही कुणीतरी कुठल्यातरी झाडापासून असंच तोडून लावलेलं. मागे मागे जात राहा, कुठेही तुटलेलं नाही. पहिलं कुठून आलं याची नोंद कुणाच्याच वहीत नाही.
श्री ऐकत होता. म्हणाला, "तू एवढा विचार झाडाचा करतेस आणि संशय माणसाचा." नवऱ्याला मी आल्विनचं सांगायलाच नको होतं.

गुरु. १६ ऑक्टो.
तेवीस. सगळ्यांवर "आ", म्हणजे आल्विनच्या हातच्या. मीडियावर, रोपांच्या त्या घट्ट खुराकावर, दुधाळ साय.
जाऊन लॅबचे प्रमुख डॉ. हानींना सांगितलं. लेखी दिलं. तारखा, आकडे, गुणगुणणं, सगळं. त्यांनी दोनदा वाचलं. "संगीता, तुम शुअर?" म्हटलं, शुअर. "खलास. प्रोबेशन में है, प्रॉब्लेम नहीं." एवढंच. दोन मिनिटांत.
बाहेर आले तेव्हा बरं वाटलं, खोटं कशाला लिहू.

सोम. २० ऑक्टो.
घरी फराळ, पणत्या. लॅबला सुट्टी नाहीच. काढून टाकल्याचं आल्विनला आज हानींनी सांगितलं. तो माझ्या टेबलाशी आला. "मॅडम, माझं काय चुकलं ते तरी सांगा. हात कुठे चुकतो ते दाखवा." मी म्हटलं, हे मॅनेजमेंटचं डिसीजन आहे. त्याने त्याच्या बाटल्यांची यादी दिली, सुंदर अक्षरात, रॅकप्रमाणे. जाताना "हॅपी दिवाळी" म्हणाला. टोमणा होता का? मला तरी तसं वाटलं.

शुक्र. ३१ ऑक्टो.
ब च्या सगळ्या बाटल्या आता माझ्याकडे. तो लॅमिनारवर शेवटचा बसला त्याला अकरा दिवस झाले. आज आठ बाटल्या गेल्या. माझ्या हातच्या. "सं" लिहिलेल्या.
पहिला विचार: जाता जाता काहीतरी करून गेला. मीडियात कालवलं असेल. मीडियाचा सगळा लॉट फेकला, नवा केला, कपाटाला कुलूप लावलं. किल्ली पर्समध्ये.
श्री हसला. "आता कुलूप कुणासाठी?"

मंगळ. ४ नोव्हें.
खालच्या रॅकच्या मागे, भिंतीला चिकटून, एक बाटली सापडली. पिल ब. १७ जुलै. सं. साय आलेली.
जुलैत आल्विन वसईला होता.
 स्पिरिटच्या बोळ्याने लेबल एका पुसण्यात जातं. माझा हात बोळ्यापर्यंत गेला, हे इथे लिहून ठेवते. पुसलं नाही. पण गेला होता.
मग बसून विचार केला. केळीचा मीडिया काचेसारखा स्वच्छ असतो. रोपाच्या बुडाशी जरा दुधाळ दिसलं की समजायचं, हे बाहेरून आलेलं नाही, रोपाच्या आतूनच येतंय. बाहेरची घाण कुठेही ठिपक्याठिपक्यांनी पडते. हे मी नव्या मुलींना शिकवलंय. खजुराच्या मीडियात मात्र कोळसा घालतात. काळाकुट्ट. त्यात बुडाशी काय चाललंय ते दिसतच नाही. वर साय येते तेव्हा कळतं, आणि तोवर ती कुठून आली ते सांगता येत नाही. चार वर्षं मी केळीच्याच डोळ्यांनी बघतेय.
ब च्या दहा रोपांचे तुकडे बिनकोळशाच्या मीडियात ठेवले. अ चेही दहा.

शनि. ८ नोव्हें.
सुट्टीच्या दिवशी लॅबला गेले. अ स्वच्छ. ब च्या दहातल्या नऊ बाटल्यांत कापलेल्या बुडाभोवती पांढरं कडं. कडं बुडापासून बाहेर पसरत गेलेलं. बाकी मीडिया स्वच्छ. जंतू पिलाच्या आतच होता. झाडातच; अ मध्ये उतरला नाही एवढंच. कोण जाणे किती वर्षांपासून. कितीही वरून धुतलं असतं तरी गेला नसता. कुणीही कापलं असतं तरी आला असता.
घरी आल्यावर इराला सांगितलं, कुणाशी तरी बोलायलाच हवं होतं. ती म्हणाली, "बट आई, मायटोकॉन्ड्रिया वेअर बॅक्टेरिया फर्स्ट. दे केम इन अँड स्टेड. सो टेक्निकली यू आर ऑल्सो कंटॅमिनेटेड." आणि फोनकडे वळली.
म्हणजे आपण ज्याला पेशी म्हणतो तीही कधीतरी बिघडलेली बाटलीच. तेव्हा तिथे माझ्यासारखी कुणी असती तर तिने ती फेकून दिली असती.

सोम. १० नोव्हें.
ग्रीनहाउसचं रजिस्टर काढलं. सप्टेंबरमध्ये ब ची काही रोपं अँटिबायोटिक देऊन साफ केली होती, ती मातीत गेल्यावर जवळजवळ सगळी वाळली. फेकायची राहून गेलेली पाच सायवाली रोपं कुणीतरी कुंड्यांत लावली होती. पाचही उभी आहेत. चौथं पान काढतायत. पाचांवरून काही सिद्ध होत नाही, मला कळतं. पण ज्या जंतूला मी बाहेरचा चोर समजत होते तो घरातलाच निघाला, आणि बहुतेक कामाचाही. झाड म्हणजे नेमकं काय मग? हिरवं तेवढंच की तोही?
कुंड्यांवरचं अक्षर आल्विनचं आहे.
दोन दिवस झाले कळून. अजून कुणाला सांगितलेलं नाही. कारणं रोज नवी सापडतात. आज हानी मीटिंगमध्ये होते. काल रविवार होता.

बुध. १२ नोव्हें.
सांगितलं. बाटल्या टेबलावर मांडल्या, जुलैची सुद्धा. हानींनी एकेक बाटली उचलून उजेडात बघितली. मग, "तुम शुअर बोला था."  आल्विनचा व्हिसा कॅन्सल झालाय, मंगळवारचं तिकीट आहे त्याचं. "सोमवार को दस बजे बुलाओ. वो आएगा तो देखेंगे, इन्शाल्ला. तुम भी सोचो, तुम्हारा लेटर फाइल में है."
माझी नोकरी जाऊ शकते. जाऊ दे, असं लिहायला सोपं आहे. इराची बारावी इथेच आहे.

शुक्र. १४ नोव्हें.
अर्धा दिवस. अल बर्शाला गेले, आल्विन तिथे तिघांबरोबर एका खोलीत राहतो. वर बोलावलं नाही, खालीच आला. इमारतीखालच्या कॅफेटेरियात चहा घेतला. मी सगळं सांगितलं. काळा मीडिया, जुलैची बाटली, पांढरं कडं. माफी मागितली. फोनवर बाटल्यांचे फोटो दाखवले.
तो फोटो मोठे करून करून बघत होता. मग म्हणाला, "मॅडम, मला माहीत होतं माझा हात चुकत नाही. मग मी विचार केला कोण करतंय. लॅबमध्ये दोघंच. माझं भांडं कुणीतरी हलवतं, त्याच्यावर खूण करतं, ते मी बघितलं होतं. मला वाटलं तुम्हीच काहीतरी टाकताय."
मी म्हटलं, देवाशपथ नाही.
"मी पण तेच म्हणालो असतो ना, कुणी विचारलं असतं तर." कप बाजूला सारून, "आणि आता का सांगताय? माझं तिकीट झाल्यावर? तुम्हांला काय पाहिजे नक्की?"
 काय सांगणार? काही नको म्हटलं तर कोण विश्वास ठेवील? मीही ठेवला नसता. "बायकोला अजून सांगितलेलं नाही," एवढं बोलून तो उठला. चहा तसाच राहिला. परत येताना मेट्रोत रडू आलं. समोरची बाई बघत होती म्हणून खिडकीकडे तोंड केलं.

शनि. १५ नोव्हें.
वाटणीचा दिवस आठवतेय. अ मऊ होतं, सरळ कापलं जायचं. ब चिवट, मेहनतीचं. अ मी ठेवलं. नव्या माणसाचा हात बसावा म्हणून ब दिलं, असं तेव्हा हानींना सांगितलं होतं. खरं तर मला ते नको होतं. आपला तो बाब्या. ब माझ्याकडेच राहिलं असतं तर पहिल्याच आठवड्यात मी म्हटलं असतं, पिलातच काहीतरी आहे. स्वतःच्या हातावर मला एक मिनिटही संशय आला नसता.
श्रीला विचारलं, मी वाईट आहे का? म्हणाला, "वाईट नाहीस. पण तुझ्या हाताखाली मी काम केलं नसतं."

रवि. १६ नोव्हें.
दुपारी आल्विनचा मेसेज. "मॅडम उद्या येतो. पण डॉक्टरांशी एकटा बोलणार. तुम्ही आत नको."
ठीक आहे, असं उत्तर पाठवलं. दोन निळ्या खुणा आल्या. पुढे काही नाही.
उद्या दहाला तो आत असेल आणि मी दाराबाहेर. माझं पत्र हानींच्या फाइलमध्ये आहे, बाटल्या टेबलावर, जुलैच्या बाटलीवर माझं अक्षर. त्याला हवं ते तो सांगू शकतो, आणि सगळं पटण्यासारखं असेल. तो काय सांगेल मला माहीत नाही. त्याच्या जागी मी असते तर काय सांगितलं असतं, ते मात्र मला पक्कं माहीत आहे.