हाताला कळत नाही

३ जानेवारी
आज शीतगृहात रुजू झालो. पगार बरा, वरच राहायला दोन खोल्या. बायको इतकी खूश की संध्याकाळपर्यंत पडदेही लावून मोकळी. काम मांसाच्या खोक्यांची चढउतार. गारठ्याने अंग बधिर होतं, म्हणून इथे एक गमतीची रीत आहे. अधूनमधून जोडीदाराने फाडकन थोबाडीत द्यायची, आपण "लागलं" म्हणायचं, मग त्याची पाळी. मुकादम म्हणाला, लागतंय तोवर माणूस शाबूत. पहिल्याच थपडेला डोळ्यांपुढे काजवे चमकले. सगळे खो खो हसले, मीही हसलो.

९ जानेवारी
थप्पड आता लागतच नाही. कंपनीच्या डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, त्यात काय, अंगावरचा सदरा तरी दिवसभर कुठे जाणवतो? तेच ते होत राहिलं की कातडी खबर देणं सोडते; तिला नवं, जास्त जोराचं काहीतरी लागतं. जोडीदाराने हे फारच मनावर घेतलं आणि बुक्की हाणली. नाकातून रक्ताची धार. पण लागलं! इतकं बरं वाटलं म्हणून सांगू.

१५ जानेवारी
बुक्कीचंही तेच झालं. आता फळकूट. माझी बरगडी मोडली आहे म्हणे, मला पत्ताच नाही. मी जोडीदाराचे दोन दात पाडले, तर बिचाऱ्याने आभार मानले.
घरी बायकोला जवळ घेतलं तर ती कळवळली. तिच्या दंडावर माझी बोटं काळीनिळी उमटली आहेत. मला रडूच आलं. मी तर अलगद धरलं होतं.

१९ जानेवारी
जोडीदार गेला. माझ्या हातून. तो "लागलं" म्हणेना, म्हणून आणखी जोरात — मग खोकी ओढायचा लोखंडी आकडा. मुकादमाने त्याला बाजूला ओढलं आणि मला दुसरा जोडीदार दिला.
भीती वाटते. स्वतःचीच. बायकोने बॅगा भरल्या. सकाळी निघायचं.

२० जानेवारी
जिन्यात तिचा पाय घसरला. डाव्या हाताने मनगट धरलं. हाड वाजलं. ती सोड, सोड म्हणून किंचाळली — सोडलं. घरात आणलं. लोक जमतील म्हणून तिच्या तोंडावर तोच डावा हात ठेवला. अगदी हलका. लगेच काढला.
आता ती गप्प आहे.
उजव्या हाताने लिहितोय. डावा रिकामाच आहे — मला तरी रिकामा वाटतो — खाली बघायचा धीर