फुकट नव्हे, दिलेलं

प्रिय आप्पा,

काल तुमच्या माघारी तुमचं पुण्यानुमोदन झालं. हॉल भरला होता. तुमच्या डेपोतले ड्रायव्हर-कंडक्टर आलते, गडहिंग्लजहून पावणं आलतं, कळंब्यातली आपली सगळी गल्ली होती. शेवटी सगळे म्हणाले, "रंजू, थोरली लेक तू, दोन शब्द बोल." मी माईकपुढं उभी राहिले आणि मला काय आठवावं? तुमचा व्हिडिओ गेम! आता ते कसं बोलायचं? भंतेजी समोर बसलेले, माणसं डोळे पुसतायत, आणि मी सांगू की आमच्या आप्पांना शेळ्यांचं वेड लागलं होतं? "आप्पा फार प्रामाणिक होते," एवढंच म्हटलं आणि खाली उतरले. बाकीचं मनातच राहिलं. ते तुम्हालाच सांगते.

आप्पा, तुमचा उजवा हात आठवतो का तुम्हाला? आधीचा, एसटीतल्या कंडक्टरचा? तिकिटाच्या पेटीवर पंचाची टकटक झाली की झोपलेला माणूससुद्धा खिशात हात घालायचा. विनातिकीट माणूस सापडला की तुमचा आवाज शेवटच्या शिटापर्यंत जायचा, "ए फुकट्या, उतर खाली!" घरचा माणूस असला तरी सूट नाही. आमच्या मामांना भर गाडीत तिकीट फाडायला लावलंत, तेव्हा आई किती दिवस तुमच्याशी धड बोलली नव्हती! 'फुकट' ही आपल्या घरात शिवीच होती.

रिटायर झालात आणि वर्षाच्या आत लकव्याचा झटका आला. उजवी बाजू गेली. बोलणं परत आलं, काठी घेऊन चालणं आलं. हात मात्र नाही आला. सकाळी वंदनेला बसलात की डावा हात एकटाच छातीशी यायचा. उजवा तुम्ही डाव्यानं उचलून जोडायला बघायचात आणि तो घसरून मांडीवर पडायचा.

"एका हातानं नमस्कार म्हंजे बुद्धाला टाटा केल्यागत वाटतंय गं," असं एकदा म्हणालात. आम्ही सगळे हसलो. मग आई आत गेली आणि बराच वेळ बाहेर आली नाही.

फिजिओथेरपीच्या मॅडम म्हणायच्या, बोटं रोज हलली पाहिजेत. त्यांनी एक मऊ चेंडू दिला. तुम्ही तो डाव्या हातानं दारातनं बाहेर भिरकावलात. "मी काय कुत्रं हाय व्हय चेंडूसंगं खेळायला?" मग मॅडमच म्हणाल्या, मन रमेल असं काहीतरी द्या, टीव्हीवरचा गेम देऊन बघा.

मी तेव्हा राजारामपुरीतल्या सायबर कॅफेत कामाला होते. पुण्याच्या मावसभावाकडं गेमचा एक पांढरा डबा धूळ खात पडला होता, सीडीवर चालणारा. कंपनीनं तो बनवायचाच बंद केला होता. त्याची होती ती सीडीही चरे पडून बाद झालेली. मी तो डबा आणला, स्टँडजवळच्या टपरीवरनं कॉपी केलेली एक सीडी आणली आणि मोठ्या उत्साहानं टीव्हीला जोडला.

"ही सीडी कंपनीची हाय?" तुम्ही विचारलंत.

"कॉपी हाय, आप्पा. सगळं जग तेच खेळतंय."

"कंपनीनं दे म्हणून सांगितलंय?"

"न्हाई."

"मग बंद कर. सकाळी पंचशील घ्यायचं आन् दुपारी चोरीचा माल हातात धरायचा? मला न्हाय जमायचं."

आप्पा, काय राग आला होता मला तुमचा! हात लोंबकळतोय, आईला तुम्हाला भरवावं लागतंय, आणि ह्यांचं शील! "हात बरा व्हायचाय का न्हाई?" मी ओरडले. तुम्ही शांतपणे म्हणालात, "व्हायचाय की. पर असा न्हाय."

मग मी इंटरनेटवर शोधायला लागले. काही पानांवर त्या डब्याचे झाडून सगळे गेम होते. खाली लिहिलेलं, कंपनीनं सोडून दिलेले, खुशाल घ्या. मला वाटलं, मिळालं! घरी येऊन सांगितलं तर तुम्ही म्हणालात, "गाडी स्क्रॅपला निघाली म्हणून पब्लिकनं शिटं काढून न्यायची व्हय गं? डेपोला इचारायचं न्हाय?" एका वाक्यात माझ्या आठवड्याची वाट लावलीत!

पण तुमच्या त्या प्रश्नानं मला शोधायचं कसं ते कळलं. आता मी गेम बघायचेच नाही. आधी बघायचे, तो ज्यानं केला त्याचं स्वतःचं पान कुठंय, आणि तो स्वतः 'घ्या' म्हणतोय का. मालकाचा पत्ता नाही, तर पुढं. आणि आप्पा, तिथं मला जे सापडलं त्यानं मी थक्क झाले. कंपनीनं वाऱ्यावर सोडलेल्या त्या डब्यासाठी जगात ठिकठिकाणी माणसं बसून नवे गेम बनवत होती! नोकऱ्या सांभाळून, कुणी सांगितलं नसताना. विकायला दुकान नाही, घ्यायला गिऱ्हाईक नाही. बनवायचे आणि ठेवून द्यायचे, घेईल त्याच्यासाठी. मी काउंटरवर बसून एकेक पान वाचत होते आणि मला माणसाच्या जातीचं नवल वाटत होतं.

त्यातला एक निवडला. कॅफेची लाइन तीनदा तुटली. सीडी भरायचीही सावकाश, घाई केली की डबा ती ओळखायचाच नाही. पहिली सीडी त्या घाईतच वाया गेली. दुसरी घेऊन मी पळत घरी आले आणि दारातनंच ओरडले, "आप्पा, गावला! एकदम फुकट गेम गावला!"

काय बोलून बसले मी!

तुमचं तोंड असं झालं की जणू मीच विनातिकीट गाडीत चढले होते. "आयुष्यभर फुकट्यांना खाली उतरिवलं, आन् आता म्हातारपणी मीच फुकट खेळू? कुणी केलाय त्यो? त्याचे कष्ट फुकटचे हायत?"

मी रडकुंडीला आले. आई भाकरी थापत होती. ती तिथनंच म्हणाली, "अगं, त्या माणसानं काय लिवलंय त्ये तरी वाच की. तुझंच काय सांगतीस?"

मग मी कागदावर उतरवून आणलेलं तुम्हाला मराठीत करून सांगितलं. लिहिणारा लांब उत्तरेकडचा, जिथं म्हणे हिवाळ्यात दिवस उगवतच नाही. त्यानं लिहिलं होतं, हा गेम मी संध्याकाळी काम संपल्यावर केला. मी तो तुम्हाला देत आहे. खेळा, दुसऱ्याला द्या, फक्त विकू नका.

"परत वाच."

मी परत वाचलं.

"'देत आहे' असं लिवलंय? त्येनं सोता?"

"व्हय आप्पा."

मग तुम्ही चोरी न करण्याचं ते पाली शील हळू पुटपुटलात आणि एका शब्दावर थांबलात. "अदिन्न. म्हंजे न दिलेलं. आपण न दिलेलं घ्यायचं न्हाय म्हणतो रंजू. ह्ये तर दिलेलं हाय की! मग खुळे, फुकट काय म्हणतीस? लाव."

लाव! आप्पा, तो शब्द ऐकून मी आईकडं बघितलं, तर तिचे पिठाचे हात तसेच परातीत थांबलेले.

गेम साधाच होता. नदी, एक नाव, अलीकडच्या काठावर शेळ्या. त्यांना पलीकडं न्यायचं. अंगठ्यानं नाव वळवायची, बोटानं शेळी चढवायची. तुमचा उजवा अंगठा रिमोटवर मी ठेवला आणि तो तिथं नुसता पडून राहिला. नाव वाहून गेली, शेळ्या बुडाल्या. रोज बुडायच्या. तुम्ही कळवळायचात, "अरारा! पॅशिंजर गेलं की गं!" मग एक दिवस नाव जराशी वळली. आम्हाला वाटलं पाण्यानंच वळली असेल. पण ती परत वळली!

त्यानंतर घराचा डेपो झाला. "चला, आत सरका! दारात उभं ऱ्हायचं न्हाय! ए पांढरे, तुला सांगतोय!" गल्लीतली माणसं खिडकीतनं बघून हसायची. आई म्हणायची, आता शेळ्यांनाही तिकीट लावा. आणि एका सकाळी वंदनेला तुमचा डावा हात वर आला, आणि उजवा त्याच्या मागनं, थरथरत, ढकलल्याशिवाय, आपला आपण. बोटं वाकडीच होती. तळव्याला तळवा लागला. तुम्ही वंदना मध्येच विसरलात. मी त्या दोन हातांकडं बघत राहिले आणि मनात त्या न बघितलेल्या माणसाला हात जोडले. त्याला काय माहीत, त्यानं कुठली नाव कुठं नेली!

पुढं तुम्ही माझ्या मागं लागलात. "'दुसऱ्याला द्या' असंबी लिवलंय न्हवं? मग दे की." मी सीड्या भरत राहिले, तुम्ही त्या मॅडमकडं येणाऱ्या पेशंटांना वाटत राहिलात, मुद्दाम उजव्या हातानं. तिथंच कधीतरी मॅडम बोलून गेल्या, की हाताच्या शिरा न् स्नायू त्या कॉलेजात शिकल्या ते कुणीतरी दिलेल्या देहावर. तुम्ही घरी आलात ते ठरवूनच. "त्या गेमवाल्या पोरानं मला बघितलं न्हाय, मी त्येला बघितलं न्हाय. आन् दिलं की न्हाय त्येनं? मग मीबी देणार. देहदान."

मी किती भांडले! आप्पा, आम्हाला मूठभर राखही ठेवणार नाही का? तुम्ही आधी मला विचारायचं तरी! माझ्यापुढं तुमचं एकच, "देह माझा हाय, रंजू." तेव्हा जिंकलात. पण शेवटी तसं नव्हतंच ना? तुम्ही गेलात, मेडिकल कॉलेजची गाडी दारात आली, आणि तो माणूस म्हणाला, "त्यांची इच्छा होती हे खरं. पण तुम्ही घरच्यांनी दिल्याशिवाय आम्हाला नेता येत नाही."

न दिलेलं त्यांनाही घेता येत नव्हतं, आप्पा.

आई माझ्याकडं बघत होती. मी तुमचा उजवा हात धरला होता. तो सोडवत नव्हता. एवढ्या कष्टानं उठवलेला हात, तो असा परक्याच्या गाडीत घालू? मनात आलं, नाही म्हणते. कोण काय करणार आहे मला? खरंच, ओठावर आलं होतं.

मग मी म्हणाले, "दिला."

आज ना उद्या तिथल्या कुठल्यातरी खोलीत एखादी पहिल्या वर्षाची पोरगी त्या हाताजवळ उभी असेल. हात लावायला भीत असेल. तिला माझ्यातर्फे कुणी सांगा, घे बाई, बिनधास्त घे, दिलेला आहे.

आप्पा, वचन देते. मी परत मागणार नाही.

जय भीम.

तुमची,
रंजू