सोड म्हणायचं राहिलं

८ जानेवारी १९७३, श्रीरामपूर
स्टेशनावर टांगेवाल्याने सामान विचारलं. एक वळकटी, एक अमरकोश. बिचाऱ्याने भाडं ठरवताना घासाघीस केली नाही. साप्ताहिकाला वार्तापत्रं धाडून कंटाळलेल्या या विधुराला मुलांच्या दवाखान्यात, एक्स-रेच्या खोलीत, कारकुनी मिळाली आहे. राहणं तिथेच मागे. शेजार नाही, भांडायचं तर स्वतःशीच.

९ जानेवारी
कानिफनाथ यंत्र चालवतो. मी पोरांना सांगायचं: श्वास घे, धर, सोड. पूरक, कुंभक, रेचक! संस्कृत अखेर कामी आलं. मग फिल्म उजेडावर धरून फूटपट्टीने मोजायचं. हृदयाने छातीची निम्म्याहून जास्त रुंदी व्यापली, तर ते वाढलेलं, चिठ्ठी पुण्याला.

११ जानेवारी
नेवाशाकडची राहीबाई सात वर्षांच्या झुंबरला घेऊन आली. पोरीला धाप लागते. मी "धर" म्हटलं, खटका पडला आणि वीज गेली. एकच गडबड. फिल्म मात्र चांगली निघाली: छाती वीस सेंटिमीटर, हृदय अकरा. वाढलंय म्हटल्यावर राहीबाई खूश. पोरीचं काळीज पहिल्यापासून मोठं, कुणाला भीत नाही, म्हणाली. चिठ्ठीसाठी सोमवारी बोलावलं.

१३ जानेवारी
झुंबरचं हृदय फिल्मवर सहज पुन्हा मोजलं. बारा. चाळशी पुसली. बारा.

१५ जानेवारी
राहीबाई आली. कडेवर झुंबर, छाती फुगलेली, ओठ मिटलेले. बोलत नाही, गिळत नाही.
"मास्तर, तुमी तिला सोड म्हणलाच न्हाईत. ती तशीच धरून बसलीया. येकदा म्हणा."
मी हसलो. चार दिवस कोणी श्वास धरत नाही, हे शास्त्र समजावलं. असल्या मंत्रतंत्रात मी पडत नाही, म्हटलं. पुण्याची चिठ्ठी दिली.
पोर माझ्या तोंडाकडे बघत होती.

१६ जानेवारी
कानिफनाथाने सांगितलं. नगरच्या अलीकडे, एस.टी.तच. गेल्यावरही छाती खाली बसली नाही म्हणे.
दोन अक्षरं. म्हटली असती तर—

१७ जानेवारी
फिल्म. विसात वीस. छाती उरलीच नाही.

१८ जानेवारी, दुपार
कानिफनाथ नेवाशाला, तिच्या घरी. मी एकटा. फिल्मसमोर उभा राहून म्हटलं— सोड.
कानाशी ऊन उसासा. लांबच लांब. सात दिवसांचा.
मग बारीक आवाज, माझ्याच सुरात—
"आता तुमी. घ्या. धरा."
घेतला. धरला—
धरूनच लिहितो आहे— छाती खाली येत नाही— हाक मारायची तर आधी सोडायला हवा— आणि मला सोड म्हणणारं इथे कोणी—