आवाज माझा, तोंड पुनमचं

३ मार्च

चोरला. माझा आवाज चोरला! जळगावची कुणी पुनम लाली लावून माझ्या आवाजावर नुसते ओठ हलवते. "पोळी फाटनी ते सूनना हात वाईट, पोळी जमनी ते सासूनी शिकाडं." हे माझं! खापरावर मांडे टाकता टाकता मी बोलले होते. मागे लाकडं तडतडतात तीसुद्धा आमच्याच चुलीतली. माझा व्हिडिओ चार हजार लोकांनी पाहिला, तिचा नऊ लाखांनी. वर लोक लिहितात – किती गोड बोलते ही.

४ मार्च

तिला मेसेज केला. ब्लॉक.

६ मार्च

दीपक म्हणतो, "बरंच झालं ना ताई, आपलं नाव कुठे आलं?" सख्खा भाऊ हा! डोकंच फिरलं. पण नाव येऊ नये ही तर घरचीच अट. बाप म्हणून आबा पहिल्याच दिवशी म्हणाले होते, "हात दखाड, आवाज दे. तोंड नको दखाडू. सोयरीक अडकी जाई." मी गपगुमान ऐकलं. सहा महिने फक्त कोपरापर्यंत दिसले – मांडा हातावर मोठा करताना. आता कोण मानणार की तो आवाज माझा, मेघाचा? पुनम चोरटी आहेच. पण दार उघडं कुणी ठेवलं?

११ मार्च

पाचोऱ्याला आत्याच्या पोराचं लग्न. मांडे करायला अर्थात मीच. पंगतीत कुणीतरी मोबाईलवर पुनमला लावलं. मांडवभर माझा आवाज! नवरीची आई सुनंदाबाई म्हणाल्या, "अशी बोलकी पोर आपलामा एक नही. जळगावनी शे ती." बठ्ठा मांडव हसला. मी तिथेच, दहा हातांवर, पिठाच्या हातांनी उभी. बोलायचं होतं. व्हिडिओत एवढी चुरूचुरू बोलणारी मी, आणि खरं सांगायची वेळ आली तर मुकी. लाज वाटते.

आबा पंगतीतच होते. मान खाली घालून जेवत राहिले. त्यांना आवाज ओळखू आला नाही असं कसं होईल? पुनमचाही एवढा राग आला नव्हता मला.

१२ मार्च

सकाळी उठले तर आबांनी चूल पेटवून खापर चढवलेलं. म्हणाले, "तो मोबाईल दे. मी धरस."

"तोंडासकट?"

"तोंडासकट. नाव बी सांग. बापनं बी सांग."

त्यांचं बोट कॅमेऱ्याच्या काचेवर आलं. माझा अर्धा गाल झाकला गेलाय. व्हिडिओ तसाच टाकला.